सूप झालं, आता जेवायला काय?

आमच्याकडे पौष्टिक सूप भुकेतून जन्माला येत नाही, रिपोर्टातून येतं. दिवाळी संपते, फराळाचे डबे तळाला लागतात, चिवड्यातले काजू कोणीतरी आधीच वेचलेले असतात, चकलीचा चुरा दह्यात कालवून संपवला जातो. मग एके सकाळी पॅथॉलॉजीचा मुलगा दाराशी येतो आणि उपाशीपोटी रक्त घेऊन जातो. संध्याकाळी मोबाइलवर पीडीएफ येते. तिच्यात दोन-तीन आकडे ठळक छापलेले असतात. मराठी मध्यमवर्गात शुगर कधी वाढत नाही, कोलेस्टेरॉलही वाढत नाही. ते ‘बॉर्डरला’ असतं. निम्मं कोथरूड सध्या बॉर्डरला तैनात आहे.

बॉर्डरवरच्या माणसाला दोन संकल्प सुचतात. उद्यापासून रोज पहाटे उठून चालायचं, आणि रात्री जेवण बंद, फक्त सूप. चालायचं तर स्वतः चालावं लागतं. सूप दुसऱ्या कोणाला तरी करायला सांगता येतं. त्यामुळे सुरुवात नेहमी सूपापासून होते.

“साधंच कर गं,” आमचे हे म्हणाले. “भाज्या उकडायच्या, मिक्सरमधून फिरवायच्या, झालं. दहा मिनिटांचं काम.”

ज्या माणसाने कुकरची रिंग आयुष्यात कधी बदललेली नाही, त्याच्या लेखी स्वयंपाकातलं प्रत्येक काम दहा मिनिटांचं असतं.

मिक्स व्हेजिटेबल सूपाच्या कुठल्याही कृतीत पहिली ओळ असते, ‘आवडीच्या भाज्या घ्या.’ इथेच घोडं पेंड खातं. घरात चार माणसं असली तर चौघांच्या आवडीची भाजी एकच, बटाटा. आणि दिवसाला किमान ४०० ग्रॅम भाज्या-फळं खा असं सांगताना जागतिक आरोग्य संघटनेने बटाटा त्यात धरू नका असं स्पष्ट म्हटलेलं आहे. रताळंही धरायचं नाही. म्हणजे आपल्या डब्यातली भाजी आणि आपला उपास, दोन्ही एका फटक्यात बाद. हे मी घरात वाचून दाखवलं तेव्हा सासूबाई म्हणाल्या, “त्यांना काय माहीत आपल्याकडे बटाटा कसा करतात ते!”

तर मी मंडईत गेले. पुण्याची ही मंडई १८८६ सालची. तेव्हा तिला गव्हर्नर लॉर्ड रे यांचं नाव होतं, पुढे महात्मा फुल्यांचं मिळालं. एवढ्या काळात तिथली भाव करायची पद्धत फारशी बदललेली नसावी, पण वाटे मांडून बसलेल्या मावशींपुढे हल्ली ब्रोकोली असते, झुकिनी असते, लाल-पिवळ्या ढोबळ्या मिरच्या असतात. मी ब्रोकोलीचा भाव विचारून हात मागे घेतला, तशा मावशी म्हणाल्या, “घ्या की ताई. फ्लावरचीच भैन हाय ती.”

शास्त्राच्या हिशेबाने मावशींचं म्हणणं अगदी बरोबर आहे. फ्लॉवर, कोबी, नवलकोल आणि ब्रोकोली या सगळ्या ब्रासिका ओलेरेसिया या एकाच वनस्पतीच्या लेकी. त्यातली एक परदेशात दिली, म्हणून तिचा भाव वेगळा. मी घरचीच बहीण घेऊन आले.

पण खरं सांगायचं तर मिक्स सूपाच्या भाज्या मंडईतून येतच नाहीत. त्या फ्रिजच्या तळाच्या खणातून येतात. हा खण रविवारी भरला जातो आणि गुरुवारपर्यंत त्याच्याकडे कोणी ढुंकून बघत नाही. गुरुवारी तो ओढला की आधी अडकतो, मग झटक्यात बाहेर येतो. आत वर्तमानपत्रात गुंडाळलेलं अर्धं गाजर असतं, कापलेल्या बाजूने पांढरट पडलेलं. ओल्या फडक्यात ठेवलेली पालकाची जुडी असते. फडकं केव्हाच वाळलेलं, पालक मात्र ओला, नको तितका ओला. चायनीज करायच्या उत्साहात आणलेल्या ढोबळ्या मिरचीचा पाव भाग असतो. श्रावणघेवड्याच्या काही शेंगा असतात, भाजी होण्याइतक्या नाहीत आणि टाकून देण्याइतक्याही कमी नाहीत. शिवाय अर्धं बीट, शेजारच्या सगळ्यांना रंग लावून बसलेलं.

भाजी व्हायची संधी हुकलेली ही सगळी मंडळी. एकत्र उकडून मिक्सरमधून काढली की कोणाचीच ओळख पटत नाही, आणि नावाआधी ‘पौष्टिक’ लावलं की ओळख विचारायची कोणाची छाती होत नाही. हा पदार्थ ज्या कोणी पहिल्यांदा केला त्या बाईला आरोग्याची नव्हे, फडताळ आवरायची निकड होती, असा माझा पक्का समज आहे.

या गर्दीतच चोरपावलांनी दुधी आत शिरतो. दुधीची भाजी म्हटली की आमच्या चिरंजीवांना नेमकं त्याच रात्री मित्राकडे जेवण असतं. सूपात मात्र दुधी असा बेमालूम मिसळतो की खाणाऱ्याला पत्ता लागत नाही, आणि वर सूपाला छान दाटपणा येतो. इथे थट्टा थोडी बाजूला ठेवते. दुधी चिरला की कच्ची फोड जिभेला लावून बघाच. कडू लागली तर अख्खा दुधी कचऱ्यात. कडू दुधीचा रस पिऊ नका, असं आयसीएमआरच्या तज्ज्ञ समितीने बजावलेलं आहे, कारण त्यातली कुकुरबिटासिन नावाची द्रव्यं विषारी असतात आणि उकळूनही जात नाहीत. हे मुद्दाम सांगावं लागतं, कारण कडू ते औषधी ही आपल्याकडची पिढीजात समजूत. एकदा दुधी कडू निघाला तेव्हा आमच्या घरातली पहिली प्रतिक्रिया होती, “मग टाकतेस कशाला? शुगरला चांगला असेल.”

भाज्या चिरून झाल्या की कुकर. सूपाच्या भाज्यांना खरं तर एक शिट्टी पुरते. कुकरच्या आत तापमान १२० अंशांच्या आसपास जातं, तिथे गाजराने किती वेळ तग धरायचा! पालकाला तर तेवढंही नको, वरून घालून दोन मिनिटं उकळला की झाला. पण एक शिट्टी करून गॅस बंद करणं आमच्या घरात बसत नाही. सासूबाईंचा कुकर म्हणजे तीन मजली इमारत आहे. तळमजल्यावर तुरीची डाळ, मधे भात, आणि वरच्या भांड्यात जे काय असेल ते. “वेगळा गॅस कशाला जाळतेस? वरच्या डब्यात ठेव की सूपाचं.” त्यामुळे आमच्याकडे भाज्या स्वतःच्या हिशेबाने शिजत नाहीत, तुरीच्या डाळीच्या हिशेबाने शिजतात. डाळ जुनी निघाली की फ्लॉवरचं काही खरं नसतं.

त्यात शिट्ट्या मोजायचं काम घरभर वाटलेलं. सासूबाई हॉलमध्ये मालिका बघता बघता मोजतात, हे बाथरूममधून मोजतात, चिरंजीव कानात हेडफोन घालून मोजतात. शेवटी तिघांचे तीन आकडे येतात, आणि त्यातल्या एकात शेजारच्या घरातली शिट्टीही धरलेली असते.

कुकर उघडला की भाज्यांच्या तळाशी हिरवट-नारिंगी पाणी जमलेलं दिसतं. सूपाची सगळी थोरवी या पाण्यात आहे. क जीवनसत्त्व उष्णतेने बरंचसं जातं, उरतं त्यातलं पाण्यात उतरतं. भाजी निथळून खाल्ली तर ते मोरीत गेलं, सूप केलं तर पोटात गेलं. टोमॅटोचं तर शिजवून भलंच होतं. त्यातलं लायकोपीन शिजल्यावर आणि थोड्या तेला-तुपाच्या सोबतीने अंगाला जास्त लागतं. हे सगळं मी पाठ केलेलं होतं. भांडं खाली ठेवून मी मिक्सर काढायला वळले, परत आले तो भाज्या कोरड्या. पाणी गेलं कुठे? पोळ्यांच्या मावशींनी ते कणकेत ओतलेलं. “चांगलं भाज्यांचं पाणी वाया कशाला घालवायचं ताई? पोळ्या मऊ होतात.”

त्यांनाही काय बोलणार? भाजीचं पाणी कणकेत घालावं, असं माझ्याच सासूबाईंनी त्यांना कधीतरी शिकवलेलं.

आता मिक्सर. सूपाच्या कृतीत ‘मिश्रण गार झाल्यावर’ अशी तीन शब्दांची अट असते. भुकेल्या घरात ती कोणी पाळत नाही. गरम भाज्या भांड्यात घालून झाकण घट्ट लावलं आणि बटण फिरवलं की आतली वाफ एकदम पसरते, जागा मागते, आणि जागा फक्त वर असते. म्हणून ज्या ज्या घरात सूप होतं त्या त्या घराच्या स्वयंपाकघरात एखादा हिरवट ठिपका असा सापडतो की जो पुसला तरी पूर्ण जात नाही. आमचा कालनिर्णयवर आहे, नेमका संकष्टीच्या चौकोनात. भांडं अर्धंच भरावं, झाकणावर दुमडलेलं फडकं धरावं, बटण आधी क्षणभरच फिरवून सोडावं. हे कोणी सांगत नाही, ठिपका पडल्यावर कळतं.

वाटून झालं की रंग दिसतो, आणि इथे बऱ्याच जणांचं आरोग्य डळमळतं. गाजर नारिंगी, पालक हिरवा, बीट जांभळट, टोमॅटो लाल. कागदावर इंद्रधनुष्य आहे. पण हिरव्यात लाल मिसळलं की काय होतं ते चित्रकलेच्या पहिल्या तासाला कळलेलं असतं. त्यातून टोमॅटोच्या आंबटपणात पालक शिजला की हिरव्या रंगातलं मॅग्नेशियम सुटतं आणि तो शेवाळी पडतो. भांड्यात जे तयार झालं त्याचा रंग खडकवासल्यातून पाणी सोडल्यावर मुठेला येतो तसा होता. चिरंजीवांनी वाकून बघितलं आणि विचारलं, “आई, हे प्यायचंय की घालवायचंय?”

यावर उपाय आहे, आणि तो सोपा आहे. नारिंगी नारिंगीत ठेवावं, हिरवं हिरव्यात. गाजर, लाल भोपळा, टोमॅटो एका दिवशी. पालक, दुधी, मटार दुसऱ्या दिवशी. बिटाला शक्यतो कोशिंबिरीतच ठेवावं, ते एकटं राहण्यातच सगळ्यांचं हित आहे. पण फ्रिजचा खण एका दिवसात रिकामा करायचा असेल तर रंगाचे लाड करता येत नाहीत.

मग गाळणीचा प्रश्न. हॉटेलात सूप गुळगुळीत असतं, म्हणून घरीही गाळावं असा ह्यांचा आग्रह. गाळलं. गाळणीवर दाबून दाबून चमच्याची दांडी वाकली. खाली पातळ पाणी आणि वर मूठभर चोथा. आता चोथा टाकायचा, हा विचार सासूबाईंच्या घरात करायचा नसतो. “अगं, एवढ्या भाज्या! दे इकडे.” त्यांनी त्यात भाजणी घातली, कांदा घातला, ओवा, तीळ, तिखट-मीठ घातलं आणि तव्यावर थालीपिठं थापली. मधे भोक, भोकात तेल, कडेने तेल, वर लोण्याचा गोळा. तंतुमय पदार्थ म्हणून ज्याची एवढी ख्याती तो बराचसा चोथ्यात असतो. त्यामुळे त्या रात्रीचा हिशेब असा झाला: जीवनसत्त्वं पोळ्यांत, तंतू थालीपिठात, आणि सूपात उरलं ते फक्त नाव.

थालीपीठ मात्र फार सुंदर झालं होतं. ह्यांनी दोन खाल्ली. “यात भाज्याच आहेत ना,” म्हणाले.

आता चव. पौष्टिक सूपाची पहिल्यांदा चव घेणाऱ्या माणसाच्या चेहऱ्याकडे बघत राहावं. चमचा तोंडात जातो, डोळे थोडे बारीक होतात, मान हलते, आणि तो म्हणतो, “चांगलं आहे... काहीतरी कमी आहे.” काय कमी आहे ते प्रत्येकाला ठाऊक असतं. सासूबाई आल्या, चिमूटभर साखर घालून गेल्या. साखरेने आंबटपणा मोडतो, या एका वाक्यावर पुण्यातले कित्येक पदार्थ उभे आहेत. हे आले, मिरपूड आणि मीठ घालून गेले. आधी मी मीठ घातलेलं होतं, त्याआधी कुकरमध्येही पडलेलं होतं. प्रौढ माणसाला दिवसभरात पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ असावं, म्हणजे सगळं मिळून चहाचा एक चमचाही नाही. आमच्या सूपाने एकट्यानेच त्याला आव्हान दिलं. शेवटी लिंबू पिळायचं ठरवलं तर मीठ पुष्कळ कमी लागतं. पण लिंबू शेवटी आठवतं आणि मीठ आधी, हा क्रम कोणी बदलायचा?

“पातळ झालंय,” ह्यांचं पुढचं निदान. चायनीजच्या गाडीवर कॉर्नफ्लावर घालतात हे त्यांनी स्वतः डोळ्यांनी बघितलेलं. ते गार पाण्यात कालवून घालतात, तेवढं मात्र नजरेतून सुटलेलं. उकळत्या सूपात चमचाभर कोरडी पूड पडली, आणि बघता बघता तिच्या सुपारीएवढ्या गुठळ्या झाल्या. वरून चकचकीत, आत कोरडं पांढरं पीठ. एक गुठळी त्यांनी चमच्याने फोडून बघितली, दुसरी फोडून बघितली, आणि मग गंभीरपणे म्हणाले, “हॉटेलात याला डंपलिंग म्हणतात.”

एवढं होईपर्यंत सासूबाईंचा धीर सुटला. कढल्यात साजूक तूप, तुपात जिरं, हिंग, कढीपत्ता, एक सुकी मिरची. चर्र आवाज झाला. घरभर वास सुटला. सूपाने पहिल्यांदाच स्वयंपाकघरात माणसं जमवली. चव घेतली, आणि उत्तम होती. फक्त ते आता सूप नव्हतं. ते भाज्यांचं सार होतं, आणि सार म्हटलं की आपोआप पुढचा प्रश्न येतो, “भात लावलाय ना?”

चिरंजीवांचं म्हणणं आणखी वेगळं. मंचाव सूपावर तळलेल्या नूडल्स घालतात, मग यावर शेव का नको? तर्कात कुठेही फट नव्हती. दिवाळीची उरलेली शेव आली. शेवेवर बारीक चिरलेला कांदा आला. कांद्यावर कोथिंबीर आली, लिंबाची फोड आली. बाउलमध्ये आता नेमकं काय आहे हे आम्हा सगळ्यांना एकाच वेळी दिसलं, पण बोलायचं कोणी? शेवटी बॉर्डरवरच्या माणसानेच कोंडी फोडली.

“पाव आहेत का गं घरात?”

ह्या सगळ्यात नवीन काय, असं सासूबाई विचारतात, आणि त्यांचं अगदीच चुकत नाही. त्यांच्या माहेरी हुलग्याचं माडगं होतं, आजाऱ्याला मुगाचं कढण होतं, टोमॅटोचं सार तर आठवड्याला होतं. पण त्यातली गोम अशी की यातलं कढण आजारपणात मिळायचं. त्यामुळे आमच्या पिढीच्या डोक्यात वाटीतलं पातळ, गरम, सपक असं काही दिसलं की थर्मामीटर आठवतं. सूप उकळत असताना समोरच्या काकू साखर मागायला आल्या, भांड्यात डोकावल्या आणि आवाज खाली आणून म्हणाल्या, “कोणाला बरं नाही का?” मी म्हटलं, कोणाला काही झालेलं नाही, आम्ही हेल्दी खातोय. काकूंनी मला एक नजर दिली. तिचा अर्थ होता, लपवायचं असेल तर लपव बाई.

हॉटेलात मात्र याच सूपाला केवढा मान! तिथे ते ‘वन बाय टू’ येतं. एक सूप दोघांत वाटून घेणं ही मराठी माणसाची आरोग्यविषयक शिस्त आहे असं वरकरणी दिसतं. आधी हलकंसं सूप घेऊ, फार भूक नाही, असं म्हणून वेटरसमोर संयम दाखवायचा. मग सूपासोबत आलेला लोणी लावलेला ब्रेडचा तुकडा, मग पनीर टिक्का, मग बटर नान, मग ‘राइस हाफ’, आणि बिलाबरोबर येणारी बडीशेप मूठभर. नमनाला घडाभर तेल म्हणतात ते हेच. लग्नातही हल्ली कार्यालयाच्या दाराशी सूपाचं काउंटर असतं. मे महिन्यात, शालू आणि शेरवानीत, घाम पुसत पुसत लोक टोमॅटोचं वाफाळतं सूप पितात, कारण ते आहेराच्या रांगेआधी लागतं आणि फुकट असतं.

घरी सूप वाढणं हाही एक सोहळा आहे. आमच्याकडे सूपाच्या बाउलचा सेट आहे, लग्नात आलेला. सहा बाउल, सहा चिनी मातीचे पसरट चमचे. तो शोकेसमध्ये असतो. खाली काढायचा, धुवायचा, पुसायचा, एकाचा टवका उडालाय का बघायचं, तोवर सूप कोमट. चिनी मातीच्या चमच्यातून सूप तोंडात जाण्याआधी हनुवटीवर जातं. आमच्याकडे दोन घास चमच्याने झाले की सगळे बाउल उचलून तोंडाला लावतात आणि भुरके सुरू होतात. सूपाची खरी चव भुरक्यातच आहे. आवाज न करता सूप पिणारी माणसं बघितली की मला वाटतं, यांना ते आवडलेलं नाही.

आणि मग, बाउल खाली ठेवल्यावर, तोंड पुसून झाल्यावर, तो प्रश्न येतो. ह्यांनी तो अगदी निरागसपणे विचारला.

“छान झालं सूप. आता जेवायला काय?”

मला वाटतं, सूपाचं सगळं पौष्टिकपण या एका प्रश्नाच्या उत्तरात अडकलेलं आहे. सूप आपल्याकडे जेवणाच्या जागी येत नाही, जेवणाच्या आधी येतं. ते कशातून वजा होत नाही, सगळ्यात मिळवलं जातं. दोन पोळ्यांच्या दोन पोळ्या, भाताचा भात, वर सूप. ते ‘फक्त सूप’मधलं फक्त पहिल्या रात्रीच्या साडेआठपर्यंत टिकतं.

यावर खरंच संशोधन झालेलं आहे. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया स्टेट विद्यापीठात ज्युली फ्लड आणि बार्बरा रोल्स या दोघींनी केलेला एक प्रयोग २००७ साली प्रसिद्ध झाला. माणसांना दुपारच्या जेवणाआधी भाज्यांचं सूप द्यायचं, थोड्या वेळाने पास्ता पुढे ठेवायचा, हवा तेवढा खाऊ द्यायचा आणि मोजायचं. सूप प्यायल्यावर लोकांनी सूप धरूनही एकूण सुमारे २० टक्के कमी उष्मांक खाल्ले. दुसरी गंमत अशी की सूप वाटून गुळगुळीत केलेलं असो, त्यात भाज्यांच्या फोडी असोत, की पाणी वेगळं आणि भाज्या वेगळ्या दिलेल्या असोत, परिणामात लक्षणीय फरक पडला नाही. ह्यांची गाळणी आणि माझी वाकलेली चमच्याची दांडी, दोन्ही व्यर्थ. तिसरी गंमत मी घरात सांगायला नको होती, पण बोलून गेले. त्या सूपात फ्लॉवर, गाजर, ब्रोकोली होतं, तसा बटाटाही होता. आणि लोणी.

“बघ!” सासूबाई आणि हे एकाच वेळी म्हणाले. मायलेकांचं एकमत व्हायला अमेरिकेतल्या दोन बायका लागल्या.

पण त्या प्रयोगात एक मोठी उणीव होती. आग्रह करणारं कोणी नव्हतं. पोट भरलं म्हटल्यावर “अर्धी तरी घे”, “एवढीशीच उरलीय, संपवून टाक”, “भात न घेता उठू नये” असं म्हणणारं माणूस प्रयोगशाळेत ठेवलं असतं तर ते २० टक्के कुठे गेले असते ते आम्ही सांगू शकलो असतो. सूप भूक मारतं हे खरं. आग्रह मारायची ताकद कुठल्याही भाजीत नाही.

तरीही सूप करावं, असंच मी म्हणेन. चांगलं होतं, सोपं आहे, आणि दहा नाही तरी पंचवीस मिनिटांत उरकतं. चार माणसांना अर्धा किलो भाजी पुरे: दोन गाजरं, दोन टोमॅटो, लाल भोपळ्याची फोड, चार-पाच लसणीच्या पाकळ्या, आल्याचा तुकडा, आणि घट्टपणाला मूठभर मुगाची डाळ, डाळ असली की कॉर्नफ्लावरचं नावच काढायला नको. चमचाभर तेलावर परतून वेगळ्या छोट्या कुकरला लावावं. मुगाची डाळ आहे म्हणून दोन शिट्ट्या, तुरीची वाट बघू नये. कुकरमधलं पाणी पोळ्यांच्या मावशी यायच्या आत ताब्यात घ्यावं. गार करून वाटावं, गाळू नये. मीठ शेवटी, आणि एकाच माणसाने घालावं. मिरपूड, लिंबू, संपलं. बाउलचा सेट शोकेसमध्येच राहू द्यावा, स्टीलच्या वाट्या बऱ्या.

आणि एक विनंती. सूप आधी द्या, एकटंच द्या, आणि पोळ्यांचा डबा त्यानंतर पंधरा मिनिटांनी टेबलावर आणा. मधल्या वेळात कोणी कढलं मागायला आलंच, तर ते घासायला टाकलंय म्हणून सांगा.